सोलापूरच्या घरांचा दर : 10.17 टक्क्यांमागची पार्श्वभूमी

1 एप्रिल 2025 पासून राज्यात नवे रेडी रेकनर दर, म्हणजे सरकारने ठरवलेले जमीन-घरांचे दर, लागू झाले. महापालिका क्षेत्रांत सर्वाधिक वाढ सोलापूरच्या वाट्याला आली, 10.17 टक्के. मुंबईची वाढ 3.39 आणि राज्याची सरासरी 3.89 टक्के होती. यावरून सोलापुरात घरे सगळ्यांत महाग झाली असे कोणी म्हणेल, तर ते खरे नाही. मुळात इथला दर कमी. त्यात आधीची दोन वर्षे दर जैसे थे ठेवलेले, म्हणजे साचलेली वाढ एकदम आली.

रेडी रेकनर हा मुद्रांक शुल्क वसुलीसाठी केलेला तक्ता आहे. खरेदीखतातली रक्कम आणि तक्त्यातले मूल्य यांत जे जास्त, त्यावर शुल्क लागते. तरीही घरांच्या भावाचा अंदाज बांधायला सोलापूरकराच्या हाताशी तोच एक सरकारी आकडा असतो, कारण रिझर्व्ह बँकेचा घरकिंमत निर्देशांक बरीच वर्षे दहाच शहरांवरून निघत होता. लखनऊ, कानपूर, कोची त्यात होती, सोलापूर नव्हते.

हा आकडा कोणत्या सोलापूरचा, हे 1992 च्या हद्दवाढीने ठरवले. तेव्हा शहराचे क्षेत्र सुमारे 33 वरून 178 चौरस किलोमीटरवर गेले. 1991 ला 6,04,215 असलेली लोकसंख्या 2001 ला 8,72,478 झाली. 44 टक्के वाढ! ती पाहून शहर झपाट्याने फुगले असे वाटते, पण आसपासची गावे हद्दीत आली हे त्यातले मोठे कारण. पुढच्या दहा वर्षांत वाढ जेमतेम 9 टक्के झाली. मध्यंतरी मोठ्या गिरण्या बंद पडल्या होत्या आणि तरुण पुण्याच्या वाटेला लागले होते.

हद्दवाढ भागात शेतजमिनीचे गुंठे पाडून विक्री झाली. बिनशेती नाही, मंजूर रेखांकन नाही, व्यवहार नोटरीवर. 2001 च्या गुंठेवारी कायद्याने असे भूखंड नियमित करण्याची वाट काढली, 2021 मध्ये मुदत 2020 अखेरपर्यंतच्या भूखंडांसाठी वाढली. पण नोटरीवर दिलेली रक्कम कुठल्याच नोंदणीत उतरत नाही. सर्वांत कमी पैशांत घर उभारणाऱ्यांचे व्यवहारच आकडेवारीतून गळतात, हा दोष मला टक्केवारीच्या वादापेक्षा गंभीर वाटतो.

उत्पन्नाची बाजू तर त्याहून अवघड. घराची किंमत भागिले वार्षिक उत्पन्न, हे गणित पगारदाराला लागू पडते. विडी कामगार बाईला मजुरी मिळते ती हजार विड्यांच्या हिशेबाने, छाट, म्हणजे नाकारलेल्या विड्या, वजा जाऊन. मांडीवर सूप, ओल्या फडक्यात तेंदूची पाने, हातात कात्री आणि दाराशी उजेडाला बसलेली बाई, हे तिचे घरही आणि कामाची जागाही. पूर्व भागात तर यंत्रमाग आणि चूल एका भिंतीच्या आड-पल्याड असतात. अशा घराला नुसता निवारा समजून चौरस फुटांवर मोजणे अन्यायाचे आहे.

म्हणूनच कुंभारीत घरे बांधण्याचा निर्णय इतका वादाचा ठरतो. अक्कलकोट रस्त्याकडच्या या गावात विडी कामगारांची दहा हजार घरांची वसाहत उभी राहिली, 2006 मध्ये तत्कालीन पंतप्रधानांच्या हस्ते तिचे लोकार्पण झाले. पुढे तिथेच असंघटित कामगारांसाठी 30 हजार घरांचे रे नगर ठरले. 2019 च्या जानेवारीत पायाभरणी झाली, 19 जानेवारी 2024 ला पहिल्या 15 हजार घरांच्या चाव्या दिल्या गेल्या. घरामागे केंद्राचे दीड आणि राज्याचे एक लाख अनुदान. आक्षेप असा, की शहराबाहेर राहायला गेल्यावर रिक्षाभाडे वाढते, रोजंदारीवरच्या माणसाला सकाळी लवकर निघावे लागते, पाने-तंबाखू आणणे आणि विड्या पोचवणे लांब पडते. आक्षेप रास्त आहे. पण तेवढी जमीन शहरात त्या पैशांत कोणी देऊ केली नव्हती, आणि झोपडपट्टीत भाडे भरत आयुष्य काढलेल्या बाईच्या नावावर पक्के घर होणे ही लहान गोष्ट नाही. हप्त्यासोबत प्रवासखर्चही मोजला, तरच ते घर तिला परवडले की नाही हे कळेल. तशी मोजणी करायला हवी.

कुंभारी दक्षिण सोलापूर तालुक्यात येते, महापालिकेच्या हद्दीत नाही. त्यामुळे शहरातल्या कष्टकऱ्यांसाठी झालेली ही हजारो घरे त्या 10.17 टक्क्यांत कुठेच धरलेली नाहीत.