नाटक नव्हे, झटकाच

तासगावकडची एखादी सून डोळ्यांसमोर आणा. भांडी घासता घासता ती खाली कोसळते, डोळे घट्ट मिटते, हातपाय झाडू लागते. कुणी नाकाला कांदा लावतं, कुणी चप्पल हुंगवतं, दातखीळ सोडवायला कुणी तोंडात चमचा घालतं. शेजारची म्हणते, बाहेरचं दिसतंय. शेवटी सगळे मिरज गाठतात. १८९४ साली डॉ. वानलेस यांचं रुग्णालय उभं राहिलं, तेव्हापासून या भागाला मिरजेचीच सवय. तिथं ईईजी (मेंदूच्या विद्युत लहरींची नोंद), एमआरआय, सगळं नॉर्मल निघतं. आणि घरात एक शब्द शिरतो : नाटक.

हा शब्द चुकीचा आहे, आणि क्रूरही.

मिरगीत मेंदूतल्या पेशी एकाच वेळी बेशिस्त विद्युत संदेश सोडतात. या सुनेला येतो त्या दुसऱ्या प्रकारच्या झटक्यात, म्हणजे मनोजन्य झटक्यात, तसं काही होत नाही. ताण किंवा भीती असह्य झाली की भान आणि शरीरावरचा ताबा यांची सांगड तेवढ्यापुरती सुटते. रुग्ण हे ठरवून करत नाही, ठरवून थांबवूही शकत नाही. काहींच्या मागे मारहाण, अत्याचार किंवा जवळच्याचा मृत्यू असतो; काहींना मात्र कुठल्याच एका घटनेकडे बोट दाखवता येत नाही. म्हणून ‘सांग, तुला काय झालंय’ असं खोदून विचारत बसू नये.

ओळखायचं कसं? मिरगीत डोळे बहुधा उघडे असतात, जिभेची कड चावली जाते आणि झटका साधारण दोन मिनिटांत ओसरतो. इथं डोळे बहुधा मिटलेले, मान डावी-उजवीकडे हलते, झटका लांबतो, मध्येच थांबून पुन्हा सुरू होतो. पण एकाच खुणेवर विसंबू नका. एरवी काढलेला ईईजी मिरगीच्या रुग्णाचाही नॉर्मल येऊ शकतो. खात्री होते ती व्हिडिओ-ईईजीने, ज्यात प्रत्यक्ष झटका आणि मेंदूच्या लहरी एकाच वेळी टिपल्या जातात. घरच्यांनी मोबाइलवर काढलेला व्हिडिओही डॉक्टरांच्या फार कामी येतो. काहींना दोन्ही आजार असतात, हेही ध्यानात असू द्या.

निदान चुकलं की फिटच्या गोळ्या वर्षानुवर्षं चालू राहतात. त्यांनी हे झटके थांबत नाहीत, झोप आणि सुस्ती तेवढी पदरात पडते. तरीही गोळ्या स्वतःहून बंद करू नयेत.

उपचाराची सुरुवात डॉक्टरांच्या बोलण्यातून होते. ‘तुम्हाला काही झालेलं नाही’ असं ऐकून रुग्ण खचतो. ‘झटके खरे आहेत, कारण वेगळं आहे, उपचार आहे’ असं नीट समजावलं तर काहींचे झटके तेवढ्यानेच कमी होतात. पुढे मानसोपचारात झटक्याची चाहूल ओळखायला आणि लक्ष पुन्हा आजूबाजूला आणायला शिकवतात : पाय जमिनीवर टेकवायचे, दिसणाऱ्या वस्तूंची नावं घ्यायची. ब्रिटनमध्ये ३६८ रुग्णांवर झालेल्या अभ्यासात (२०२०) वर्षभरानंतर झटक्यांच्या संख्येत ठळक फरक दिसला नाही, पण ही थेरपी घेतलेल्यांचं रोजचं जगणं सुधारलं. मला हे थोडं वाटत नाही. पुन्हा एकटीने बाजारात जाता येणं ही त्या सुनेसाठी मोठीच गोष्ट आहे.

मानसोपचारासाठी कुठं जायचं हे कळत नसेल, तर टेली-मानसच्या १४४१६ या सरकारी क्रमांकावर मराठीतून बोलता येतं. घरात झटका आलाच, तर आसपासच्या टोकदार वस्तू बाजूला करा, डोक्याखाली मऊ काहीतरी ठेवा, हातपाय दाबून धरू नका, तोंडात काही घालू नका. शांत आवाजात ‘मी इथंच आहे’ असं सांगत राहा. पहिलाच झटका असेल, पाच मिनिटांपेक्षा लांबला किंवा श्वास अडखळला, तर १०८ ला फोन करा.