‘डुर्ष डेन मॉन्झून’: पंधरा वर्षांच्या मुलाच्या आवाजातला पाऊस आला कुठून

गाण्याचं नाव ‘डुर्ष डेन मॉन्झून’, म्हणजे मान्सूनमधून, मान्सून पार करून. आता आपल्याकडे हा शब्द कानावर पडला की पहिल्यांदा डोक्यात येतं ते म्हणजे केरळात आला का, कोकणात कधी पोचतोय, पेरण्यांचं काय. आणि इथे एक जर्मन मुलगा, ज्या देशात मान्सून नावाचा ऋतूच नाही तिथला, गळा ताणून सांगतोय की मला या मान्सूनमधून जायचंय, जगाच्या पलीकडे, काळ संपतो तिथपर्यंत, पाऊस पडायचा थांबेल तिथवर. पाऊस यावा म्हणून देवाला साकडं घालणाऱ्या लोकांतली मी, मला हे ऐकून आधी काही कळेचना. जर्मन शिकत होते तेव्हा हे गाणं पहिल्यांदा ऐकलं आणि तेव्हापासून प्रश्न डोक्यात बसलाय की हे गाणं जर्मन भाषेत, हाच शब्द घेऊन, नेमकं २००५ मध्येच झालं कसं. तर त्याच्या मागचं सगळं सांगते.

बँड टोकियो होटेल. गायक बिल काउलिट्झ, त्याचा जुळा भाऊ टॉम गिटारवर, गेऑर्ग लिस्टिंग बासवर, गुस्ताव शेफर ड्रम्सवर. गाणं जर्मनीत बाजारात आलं १५ ऑगस्ट २००५ ला आणि २६ ऑगस्टला एक नंबरवर गेलं. बिल तेव्हा पंधरा वर्षांचा होता, सोळावा वाढदिवस यायला अजून सहा दिवस बाकी होते.

हे जुळे भाऊ जन्मले १ सप्टेंबर १९८९ ला, लाइपझिगमध्ये. ही तारीख आणि हे गाव एकत्र वाचलं की अंगावर काटा येतो, कारण त्यानंतर तीनच दिवसांनी, ४ सप्टेंबरला, त्याच गावात निकोलाय चर्चच्या बाहेर पूर्व जर्मन सरकारच्या विरोधातलं सोमवारचं ते पहिलं निदर्शन झालं आणि ऑक्टोबरात तिथेच सत्तर हजार माणसं रस्त्यावर उतरली आणि ९ नोव्हेंबरला बर्लिनची भिंत पडली. म्हणजे ही मुलं पूर्व जर्मनीत जन्मली खरी पण तो देश त्यांना आठवायचं कारणच नाही, त्यांच्या वाट्याला आलं ते भिंत पडल्यानंतरचं, कारखाने बंद झालेलं, तरुण माणसं पश्चिमेकडे निघून गेलेलं पूर्वेकडचं आयुष्य. पुढे आईबरोबर ते माग्डेबुर्गजवळच्या लॉइत्शे नावाच्या खेड्यात राहायला गेले, अगदी काहीशे वस्तीचं गाव. तिथे एक मुलगा डोळ्यात काजळ घालून, केस काळे करून वर उभे करून शाळेच्या बसमध्ये चढतो म्हटल्यावर काय होत असेल ते वेगळं सांगायला नको. दोघांनीही नंतर कितीतरी मुलाखतींत सांगितलंय की शाळेत खूप त्रास झाला. या गाण्यातली बंद खोली, न उघडणारी खिडकी, शेवटची विझणारी मेणबत्ती हे सगळं मला त्या गावाशिवाय वाचताच येत नाही. हे माझं वाचन आहे, पण मी ते सोडणार नाही.

आता भाषेचा मुद्दा, कारण माझ्यासाठी सगळ्यात मोठा मुद्दा तोच आहे. जर्मन तरुणांनी जर्मनमध्येच रॉक गाणं यात काय विशेष असं आपल्याला वाटेल, पण तिथे ते कधीच सरळ नव्हतं. पूर्व जर्मनीत १९५८ पासून सरकारी नियम होता की कार्यक्रमात वाजणारं साठ टक्के संगीत आपल्या किंवा समाजवादी देशांतलं पाहिजे, पश्चिमेकडचं फार तर चाळीस टक्के. त्यामुळे तिथे जर्मनमध्ये गाणारे बँड तयार झाले आणि काही गाणी तर फारच भारी झाली, उदाहरणार्थ नीना हागेनचं १९७४ चं ते रंगीत फिल्म विसरल्याचं गाणं, तेव्हा ती एकोणीस वर्षांची होती, म्हणजे तीही टीनएजरच. सुट्टीवर गेलेत आणि प्रियकर कॅमेऱ्याचा कलर रोल घरीच विसरलाय म्हणून ती त्याच्यावर चिडते, एवढंच गाणं, पण लोकांनी त्यात सगळा करडा देश ऐकला. (अँगेला मर्केलनी २०२१ मध्ये चान्सलरपदावरून निरोप घेताना लष्करी बँडकडून हेच गाणं वाजवून घेतलं, त्याही पूर्वेतल्याच.)

पश्चिमेकडे वेगळी कहाणी. तिथे ऐंशीच्या सुरुवातीला नॉय डॉइच वेले, म्हणजे नवी जर्मन लाट, आली आणि १९८३ मध्ये नेनाचं नव्याण्णव फुग्यांचं गाणं. ते पुढच्या वर्षी अमेरिकेत दोन नंबरपर्यंत गेलं आणि तेही जर्मनमधलंच, इंग्लिश व्हर्जन नाही. इतकं मोठं यश मिळूनसुद्धा ती लाट दोन-तीन वर्षांत ओसरली, रेकॉर्ड कंपन्यांनी दिसेल त्याला साइन करून मार्केट भरून टाकलं आणि लोक कंटाळले. नव्वदच्या दशकात जर्मन पॉप म्हणजे बहुतेक इंग्लिशमध्ये गायलेलं डान्स म्युझिक असंच झालं, जर्मन भाषा उरली ती हिपहॉपवाल्यांकडे, काही जुन्या रॉकवाल्यांकडे आणि आजी-आजोबांच्या श्लागर, म्हणजे सोप्या गोड चालीच्या, गाण्यांत. बिल मात्र लहानपणापासून नेनाचा कट्टर फॅन, त्यामुळे त्याला जर्मनमध्ये गाणं लिहिणं कमीपणाचं वाटायचा प्रश्नच नव्हता.

मग वारं फिरलं. २००३ मध्ये वीर झिंड हेल्डन हा बँड आला, २००४ मध्ये झिल्बरमोंड, ते पूर्वेतल्या बाउट्झनचे, आणि त्याच वर्षी गीसनचा यूली बँड ‘परफेक्ट लाट’ नावाचं गाणं घेऊन आला आणि ते सगळीकडे वाजायला लागलं. डिसेंबरात २६ तारखेला त्सुनामी आली, लाटेवरचं गाणं लावायचं कसं म्हणून रेडिओवाल्यांनी ते काढून घेतलं. त्याच डिसेंबर महिन्यात जर्मन संसदेत ठराव झाला की रेडिओ स्टेशन्सनी आपणहून साधारण पस्तीस टक्के जर्मन संगीत लावावं. फ्रान्समध्ये असा कोटा कायद्याने आहे, जर्मनीत मात्र सक्ती नव्हती, नुसती विनंती. त्यावर भरपूर भांडणं झाली, कोणी म्हणालं ही राष्ट्रवादाची भानगड आहे, कोणी म्हणालं आपल्या भाषेला जागा मागण्यात गैर काय. मराठी गाणी एफएमवर लागत नाहीत म्हणून आपल्याकडे झालेले वाद ज्यांनी ऐकलेत त्यांना यातला प्रत्येक सूर ओळखीचा वाटेल. पण मला वाटतं ठरावाने फार काही झालं नसावं, झालं ते या बँड्समुळे, कारण पोरांना जर्मनमध्ये मनातलं बोलता येतं हे त्यांनी दाखवून दिलं. टोकियो होटेलला ही तयार जमीन मिळाली.

आता परत त्या पोरांकडे. सावत्र वडील गॉर्डन ट्र्यूम्पर स्वतः गिटारिस्ट, त्यांनी दोघांचं वेड ओळखलं आणि मदत केली. २००१ मध्ये माग्डेबुर्गमधल्या एका शोमध्ये गेऑर्ग आणि गुस्ताव प्रेक्षकांत होते, तिथे ओळख झाली आणि चौघांचा बँड झाला, नाव डेव्हिलिश. मग २००३ मध्ये तेरा वर्षांचा बिल टीव्हीवर मुलांच्या ‘स्टार सर्च’ स्पर्धेत गेला आणि तिथे त्याने गायलं कुठलं गाणं, तर वेदर गर्ल्सचं ‘इट्स रेनिंग मेन’. इथेही पाऊसच! तो जिंकला नाही, बाहेर पडला, पण प्रोड्युसर पेटर हॉफमन यांच्या नजरेत भरला. त्यांनी डेव्हिड योस्ट, पॅट बेंझनर आणि डेव्ह रोथ यांना जोडीला घेतलं, मुलांना वाजवायचं आणि गाणी लिहायचं शिकवणं सुरू झालं, सोनी बीएमजीशी करारही झाला. आणि मग पहिला अल्बम यायच्या तोंडावर सोनीने करार मोडला. पंधरा-सोळा-सतरा-अठरा वर्षांची पोरं, सगळ्या गावाला सांगून झालेलं की आमची सीडी येतेय, आणि हे. नंतर युनिव्हर्सलने त्यांना घेतलं. नाव बदलून टोकियो होटेल झालं होतं, टोकियो कारण ते लांबचं आणि स्वप्नातलं शहर आणि होटेल कारण टूरवर राहायचं ते हॉटेलातच.

पहिलं सिंगल म्हणून ‘मॉन्झून’च निघालं. गाणं लिहिलं बिलनेच, योस्ट, बेंझनर आणि रोथ यांच्या सोबतीने. सुरुवात एकदम हळू, गिटार आणि आवाज एवढंच, कोणीतरी अंधारात पुटपुटतंय असं वाटतं, आणि मग कोरसला सगळं एकदम कोसळतं. मधेच एक ओळ आहे अर्ध्या चंद्राची, तो माझ्यासमोर बुडतोय, आत्ताआत्तापर्यंत तो तुझ्याकडे होता का, असं तो विचारतो. पंधरा वर्षांच्या पोराच्या तोंडची ही ओळ मला आजही थांबवते. ‘ब्राव्हो’ हे १९५६ पासून चालत आलेलं तरुणांचं साप्ताहिक, त्याने या पोरांना प्रचंड उचलून धरलं, घरोघरी भिंतींवर पोस्टर लागली आणि मोठी माणसं म्हणायला लागली की हे सगळं कंपन्यांनी बनवलेलं आहे. मार्केटिंग होतंच, ते नाकारून चालणार नाही. पण त्याआधी चार वर्षं ही पोरं माग्डेबुर्गच्या आसपासच्या छोट्या स्टेजवर वाजवत होती हेही तितकंच खरं आहे, आणि ते सांगताना कोणी दिसत नाही.

आता तो शब्द. जर्मनमध्ये लिहितात मोन्सुन पण स्वराच्या आधीचा एस झ सारखा होतो म्हणून म्हणायचं मॉन्झून, जोर शेवटच्या झूनवर. तो शब्द मूळचा अरबी, मौसिम, म्हणजे ऋतू, ठरलेली वेळ. अरबी समुद्रात गलबतं हाकणाऱ्या लोकांचा शब्द, कारण कुठला वारा कधी वाहणार यावर त्यांचं सगळं अवलंबून. तो पोर्तुगीजांनी उचलला, जे गोव्यात येऊन बसले होते, त्यांच्याकडून युरोपातल्या बाकीच्या भाषांत गेला आणि शेवटी माग्डेबुर्गच्या एका पोरापर्यंत पोचला. आणि तोच शब्द आपल्याकडे मोसम झाला, शाळेच्या भूगोलातले नैऋत्य मोसमी वारे ते हेच. म्हणजे आपल्या किनाऱ्यावरूनच गेलेला शब्द. फक्त जाताना त्यातलं पेरणीचं, सुटकेचं सगळं गळून गेलं आणि उरलं ते लांबच्या, भयंकर, न थांबणाऱ्या पावसाचं चित्र. बिलला साधा ‘रेगन’ म्हणजे पाऊस हा शब्द घेता आला असता, कोरसमध्ये तो येतोही, पण नावाला त्याला असा पाऊस हवा होता जो त्याच्या गावात कधी पडलाच नाही.

जर्मन शिकणाऱ्यांसाठी तर हे शीर्षक म्हणजे आयता धडा. डुर्ष, फ्यूर, गेगन, ओने, उम, या शब्दांनंतर अकुझाटिफ, म्हणजे कर्माची विभक्ती, हे क्लासमध्ये सगळ्यांनी पाढ्यासारखं घोकलेलं असतं, तरी बोलताना हमखास चुकतं. एकदा हे गाणं डोक्यात बसलं की डेर मॉन्झूनचं डेन मॉन्झून आपोआप होतं, आयुष्यात परत चुकत नाही. आणि हे फक्त माझं नाही. फ्रान्समध्ये या बँडमुळे शाळकरी मुलींना जर्मन शिकायचं वेड लागलं अशा बातम्या तेव्हा भरपूर आल्या होत्या, ज्या देशात जर्मन म्हणजे कठोर आणि कंटाळवाणा विषय असंच समजलं जायचं. १४ जुलै २००७ ला पॅरिसमध्ये आयफेल टॉवरच्या पायथ्याशी फ्रेंच राष्ट्रीय दिनाच्या मोठ्या कॉन्सर्टमध्ये ही पोरं वाजवत होती. त्याच वर्षी तेल अवीवमध्येही कार्यक्रम झाला आणि इस्रायली मुलं जर्मन शब्द पाठ म्हणत होती, त्या देशात ही भाषा किती घरांत वर्षानुवर्षं ऐकवत नव्हती हे लक्षात घेतलं तर ते दृश्य साधं नाही.

इंग्लिश व्हर्जन ‘मॉन्सून’ २००७ मध्ये आलं. चांगलं आहे, पण मला ते ऐकवत नाही, सगळी अक्षरं गुळगुळीत झाल्यासारखी वाटतात, डुर्षमधला तो टाळूला घासून येणारा आवाजच त्यात नाही. त्याच वर्षी नोव्हेंबरात म्युनिकच्या एमटीव्ही सोहळ्यात त्यांनी ते स्टेजवर खरं पाणी कोसळवत गायलं, आणि २००८ मध्ये अमेरिकेत एमटीव्हीचं बेस्ट न्यू आर्टिस्टही मिळालं, एका दुसऱ्या इंग्लिश गाण्यासाठी. जर्मनीत दरम्यान अशा पोरांची रांग लागली होती, २००६ मध्ये आखेनजवळच्या श्टोलबेर्गची गायिका लाफे पंधराव्या वर्षी ‘व्हीरुस’ हे गाणं घेऊन आली, तिचा अल्बमही एक नंबरला गेला, किलरपिल्झ हा बँड आला. सगळ्यांना दार या गाण्याने उघडून दिलं.

एक गोष्ट मात्र कोणाला परत करता आली नाही. गाणं रेकॉर्ड झालं तेव्हा बिलचा आवाज अजून फुटला नव्हता. ‘श्राय’ हा अल्बम आला सप्टेंबर २००५ मध्ये आणि पुढच्या मार्चमध्ये त्याची नवी आवृत्ती काढावी लागली तेव्हा त्यातली काही गाणी परत गाऊन घेतली, कारण मधल्या काळात आवाज उतरला होता आणि स्टेजवरचा मुलगा आणि सीडीवरचा मुलगा वेगळे ऐकू यायला लागले होते. २००८ मध्ये तर सलग कार्यक्रम करून स्वरतंतूंवर गाठ झाली, टूर रद्द झाली, ऑपरेशन करावं लागलं. २०२० मध्ये पंधरा वर्षं झाली म्हणून त्यांनी हेच गाणं नव्याने केलं, तेव्हा बिल एकतीस वर्षांचा. शब्द तेच, अर्धा चंद्र तोच, गिटारच्या जागी सिंथ आणि आवाज भारदस्त, सावकाश, कुठेच न ताणलेला. मी दोन्ही पाठोपाठ लावून ऐकली. नव्यात तो पाऊस आठवतोय. जुन्यात, कोरसच्या वरच्या सुरावर आवाज जिथे जरासा चिरकतो, तिथे तो अजून भिजतोय.