दानशूर

दानशूर : दान देताना हात आखडता न घेणाऱ्या माणसाचे विशेषण, नामासारखेही वापरतात. शब्द संस्कृतातून जसाच्या तसा मराठीत आला आहे.

विग्रह सामान्यतः ‘दाने शूरः’ (दानाच्या बाबतीत शूर) असा सप्तमी तत्पुरुष करतात. मात्र अशा समासांना आधारभूत असलेल्या पाणिनीच्या ‘सप्तमी शौण्डैः’ (२.१.४०) या सूत्राच्या गणात (सूत्र लागू होणाऱ्या शब्दांच्या यादीत), काशिकावृत्ती या पाणिनीवरील टीकेनुसार (सु. ७ वे शतक), शौंड, धूर्त, कितव, प्रवीण, पंडित, कुशल, निपुण इ. शब्द येतात; ‘शूर’ येत नाही. म्हणून गण अर्थाने वाढवावा लागतो किंवा ‘सुप्सुपा’ (नामपदाचा नामपदाशी समास होतो) या सर्वसाधारण नियमावर भागवावे लागते. ‘दान हेच ज्याचे शौर्य’ असाही अर्थ सांगितला जातो. तो ऐकायला बरा, पण ‘शूर’ हा गुण नसून गुणी (गुण असलेला) असल्याने समासात नीट बसत नाही. पहिलाच विग्रह ग्राह्य वाटतो.

वरील गणातला पहिला शब्द येथे महत्त्वाचा आहे. अमरकोशात (साधारणतः ४ थे ते ६ वे शतक) सढळ दात्यासाठी वदान्य, स्थूललक्ष्य आणि दानशौंड असे शब्द दिले आहेत. ‘शौंड’ हा ‘शुंडा’ म्हणजे मद्य यावरून आला. त्याच कोशात तो ‘मत्त’ या अर्थीही आहे. अक्षशौंड म्हणजे फाशांचा नादी, तसा दानशौंड म्हणजे देण्याचे व्यसन जडलेला. मराठीने हा शब्द घेतला नाही; नशेपेक्षा पराक्रम परवडला असावा.

दान आणि शौर्य यांची सांगड मात्र जुनी आहे. गीतेत (१८.४३) क्षत्रियाच्या स्वाभाविक कर्मांत शौर्याबरोबर दानही मोजले आहे. नाट्यशास्त्रात वीररसाचे दान, धर्म व युद्ध असे तीन भेद आहेत. साहित्यदर्पणकार विश्वनाथाने (१४ वे शतक) त्यांत दयावीर मिळवला. दानवीराचे त्याचे उदाहरण कर्ण नसून पृथ्वी दान करणारा परशुराम आहे. उलट ‘शतेषु जायते शूरः’ हे सुभाषित शूर आणि दाता यांना वेगळे ठेवते : शूर शंभरांत एक, दाता मिळेल न मिळेल.

मराठीत हे विशेषण प्रथम कर्णालाच चिकटते. कवचकुंडलांची कथा महाभारताच्या वनपर्वात आहे. मरतेवेळी सोन्याचा दात काढून दिल्याची कथा लोकपरंपरेतली असून भांडारकर संस्थेच्या महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीत नाही. आधुनिक काळात शब्द उपाधीसारखा नावामागे लागतो, उदा., रत्नागिरीचे पतितपावन मंदिर (१९३१) बांधून देणारे दानशूर भागोजीशेठ कीर. देवळातल्या पंख्याच्या पात्यावर नाव रंगवून घेणाराही वर्गणीच्या आवाहनात ‘दानशूर व्यक्ती’च असतो. भाववाचक नाम म्हणून ‘दानशूरता’पेक्षा ‘दातृत्व’ अधिक चालते.