रंगवलेली भिंत आणि सावरलेलं शहर

आपत्तीत कोसळलेल्या शहराची ‘आधी आणि नंतर’ अशी दोन छायाचित्रं वर्षानुवर्षं पुढे पाठवली जातात. सोबत एक ओळ असते: ‘चित्रकारांनी रंगांनी शहर पुन्हा उभं केलं.’ छायाचित्रं खरी असतात, म्हणून ओळही खरी वाटते. गल्लत आहे ती भिंतीवरचं चित्र आणि शहराची उभारणी यांच्या क्रमात.

न्यूझीलंडमधलं क्राइस्टचर्च घ्या. 22 फेब्रुवारी 2011 च्या भूकंपात तिथे 185 माणसं गेली. पुढे मध्यवर्ती भागातल्या हजाराहून अधिक इमारती पाडाव्या लागल्या. शेजारची इमारत गेली की एरवी झाकलेली बाजूची भिंत उघडी पडते. खिडक्या नाहीत, पाट्या नाहीत, समोर मोकळी जागा. म्हणजे भव्य भित्तिचित्रांना फलक मिळाला तो पाडापाडीमुळे. जमिनीखालची मलवाहिन्यांची दुरुस्ती मात्र कित्येक वर्षं चालली, आणि तिचं छायाचित्र कोणी पुढे पाठवत नाही.

रंग भिंतीला बळ देत नाही. भेग झाकली जाते, भरत नाही. पुरात भिजलेल्या विटांवर हवाबंद रंग दिला तर ओल आत कोंडते.

पडताळायचं असेल तर नकाशाच्या ॲपमध्ये त्याच रस्त्याची जुन्या वर्षांची दृश्यं पाहा. चित्र आधी आलं की बांधकाम, ते कळतं. कधी नवी इमारत त्याच चित्राला झाकून उभी राहिलेली दिसते.

तरीही ही चित्रं मला मोलाची वाटतात. ओसाड झालेल्या रस्त्यावर माणसं पुन्हा थांबू लागतात, आणि ते काम सिमेंटला जमत नाही.