हरवलेली डीएलएल एकटी आणू नका

ठाण्याच्या वागळे इस्टेटमधल्या छोट्या वर्कशॉपांत हे नेहमी घडते. जुना संगणक जातो, नवा येतो. जॉबची ड्रॉइंग्ज उघडणाऱ्या जुन्या सॉफ्टवेअरचा फोल्डर पेन ड्राइव्हवरून जसाच्या तसा नव्या मशीनवर टाकतात, डबल क्लिक करतात आणि पडद्यावर चौकट येते: ‘एमएसव्हीसीआर१००.डीएलएल’ सापडली नाही, प्रोग्रॅम पुन्हा इन्स्टॉल करून पाहा. अख्खा फोल्डर आणला, मग राहिले काय?

राहिलेली वस्तू बहुधा त्या फोल्डरात कधी नव्हतीच. फाइल वाचणे, आकडेमोड, मजकुराची जुळवाजुळव ही कामे जवळपास प्रत्येक प्रोग्रॅमला लागतात. ती सामायिक फायलींत ठेवायची आणि प्रोग्रॅम सुरू होताना जोडून घ्यायची, ही डीएलएलची कल्पना. १९८५मध्ये आलेल्या विंडोजच्या पहिल्या आवृत्तीपासून ती आहे. सोसायटीत फ्लॅटगणिक पंप न बसवता एकच पंप सगळ्यांना पाणी चढवतो, तसे हे. डिस्कवर जागा वाचते, आणि अनेक प्रोग्रॅम एकच डीएलएल वापरत असले तरी तिचा बराचसा कोड मेमरीत एकदाच येतो.

पण पंप बदलला की परिणामही सगळ्या घरांवर. १९९०च्या दशकात नवे सॉफ्टवेअर सामायिक फाइलवर आपलीच आवृत्ती चढवायचे आणि कालपर्यंत चालणारे दुसरे सॉफ्टवेअर बंद पडायचे. जाणकार याला ‘डीएलएल हेल’ म्हणत. विंडोज २०००ने महत्त्वाच्या सिस्टिम फायलींना संरक्षण दिले, एक्सपीने एकाच डीएलएलच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी नांदू दिल्या.

आता उपाय. चौकटीतले नाव गूगलवर टाकले की ‘फुकट डीएलएल’ देणाऱ्या साइट्सची रांग लागते. तिथून फाइल घेऊ नका, हे मी अगदी कळकळीने सांगतो. डीएलएल म्हणजे चालणारा कोड. ती प्रोग्रॅमला जोडली गेली की प्रोग्रॅमला असलेले सगळे अधिकार तिला मिळतात. तिच्यात कोणी काय मिसळले आहे, हे बाहेरून दिसत नाही. शिवाय ती एकटी क्वचितच पुरते, तिलाही तिच्या सोबतिणी लागतात.

आपल्या उदाहरणातली फाइल मायक्रोसॉफ्टच्या ‘व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल’ या संचातली, २०१०च्या आवृत्तीची. नावात १२० असेल तर २०१३चा संच लागतो; १४० असेल तर २०१५ आणि त्यापुढच्या आवृत्त्यांसाठीचा एकच. हे संच मायक्रोसॉफ्टच्या साइटवर मोफत मिळतात. नवा संच टाकला म्हणून जुन्याची गरज संपत नाही.

इथे बरेच जण अडकतात. विंडोज ६४ बिटचे आहे म्हणून ते संचही फक्त ६४ बिटचा टाकतात. सॉफ्टवेअर मात्र ३२ बिटचे असते आणि त्याला ३२ बिटचीच, म्हणजे ‘एक्स८६’ लिहिलेली, आवृत्ती हवी असते. त्यात फोल्डरांची नावे उलटी वाटतात: ६४ बिटच्या विंडोजमध्ये ‘सिस्टिम३२’ फोल्डरात ६४ बिटच्या डीएलएल असतात, आणि ३२ बिटच्या ‘सिसवाव६४’मध्ये. जुने प्रोग्रॅम ‘सिस्टिम३२’ हे नाव गृहीत धरून लिहिलेले होते, म्हणून ते बदलले नाही. फाइल हाताने चुकीच्या जागी टाकली तर ‘सापडली नाही’ऐवजी ०एक्ससी०००००७बी असा कोड दिसू शकतो. दोन्ही संच टाकून ठेवणे सोयीचे. ते एकमेकांच्या आड येत नाहीत.

विंडोजची स्वतःचीच फाइल बिघडली असेल, तर कमांड प्रॉम्प्ट अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडून ‘एसएफसी /स्कॅननाउ’ ही सिस्टिम फायली तपासून दुरुस्त करणारी आज्ञा रोमन अक्षरांत द्यावी. अँटिव्हायरसने फाइल क्वारंटाइनमध्ये टाकली आहे का, तेही पाहावे. पण खात्री नसताना ती परत आणू नये.

आणि चौकटीतले नाव यांपैकी कशातच बसत नसेल, तर ती डीएलएल बहुधा त्या सॉफ्टवेअरची स्वतःची असते. तेव्हा मूळ सेटअपच हवा. म्हणून जुना संगणक भंगारात देण्याआधी त्यातला सेटअप, लायसन्स की आणि ‘प्रोग्रॅम्स अँड फीचर्स’च्या यादीचा फोटो काढून घ्यावा; कोणते संच कोणत्या वर्षाचे होते, ते त्या यादीतच लिहिलेले असते.