अमेरिकी इतिहासातील बड्या घरच्या स्त्रिया व घरसंसार : ग्रंथपरंपरा

अमेरिकेच्या इतिहासातील प्रतिष्ठित कुटुंबांतल्या स्त्रिया, त्यांचे दिवाणखाने, लग्नकार्ये, मुलेबाळे, नोकरचाकर आणि एकूण घरसंसार यांविषयीचे ग्रंथ. चरित्रे, रोजनिश्या, पत्रसंग्रह, आठवणी, शिष्टाचाराची व गृहव्यवस्थेची पुस्तके, काही कादंबऱ्या आणि विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातले विद्यापीठीय इतिहास असे सगळे प्रकार यात येतात. सुरुवात थोरामोठ्यांच्या बायकांच्या गौरवापासून झाली. पुढे अभ्यासकांची नजर भिंतीवरच्या तसबिरीवरून जमाखर्चाच्या वहीकडे वळली आणि त्याच घरांच्या स्वयंपाकघरात, माळ्यावर, गुलामांच्या खोपट्यांत काय चालले होते तेही हळूहळू पुस्तकांत येऊ लागले.

गौरवग्रंथ : या परंपरेचा पहिला ठळक टप्पा म्हणजे एलिझाबेथ एलेट यांचा ‘द विमेन ऑफ द अमेरिकन रेव्होल्यूशन’ हा १८४८ सालचा ग्रंथ. स्वातंत्र्ययुद्धात ज्यांचे नवरे आणि मुलगे लढले, त्या बायकांची हकिकत एलेटबाईंनी त्यांच्या वंशजांकडून, घरोघरच्या पत्रांतून आणि ऐकीव आठवणींतून गोळा केली. त्याआधी, १८४० मध्ये, ॲबिगेल ॲडम्स यांची पत्रे त्यांच्या नातवाने छापली होती. एका राष्ट्राध्यक्षाची बायको आणि आणखी एका राष्ट्राध्यक्षाची आई म्हणून लोकांनी ती उत्सुकतेने वाचली. नवरा परगावी असताना शेती, उधारी, मुलांची आजारपणे एकटीने निभावणारी बाई म्हणून तिच्याकडे पाहणारे वाचक बऱ्याच उशिरा आले. एलेटबाईंनी पुढे १८६७ मध्ये ‘द क्वीन्स ऑफ अमेरिकन सोसायटी’ लिहिले. नावाप्रमाणेच त्यात राण्या भरपूर आणि दोष कोणातच नाही.

शतकाच्या अखेरीस ॲलिस मोर्स अर्ल यांनी याच गौरवाच्या वाटेने जाता जाता वेगळे काही केले. ‘होम लाइफ इन कलोनियल डेज’ (१८९८) या त्यांच्या पुस्तकात माणसांइतक्याच वस्तू आहेत : चरखे, मेणबत्त्या ओतायचे साचे, चर्चमध्ये पाय शेकायला नेण्याच्या निखाऱ्यांच्या पेट्या. जुन्या न्यू इंग्लंडबद्दल, म्हणजे अमेरिकेच्या ईशान्य कोपऱ्याबद्दल, त्यांना वाटणारा जिव्हाळा आज जरा जास्तच गोड वाटतो. पण कुठली वस्तू कशी वापरत, हे त्यांनी नोंदवून ठेवले नसते तर नंतरच्या इतिहासकारांना रोजनिश्यांतले निम्मे शब्द कळले नसते.

शिष्टाचार व गृहव्यवस्था : इतिहास म्हणून न लिहिलेली, पण इतिहासकारांना सर्वाधिक उपयोगी पडलेली पुस्तके या गटातली आहेत. लिडिया मारिया चाइल्ड यांचे ‘द फ्रूगल हाउसवाइफ’ (१८२९) हे काटकसरीचे पुस्तक, काटकसरीची लाज न वाटणाऱ्यांना अर्पण केलेले. कॅथरिन बीचर यांच्या ‘अ ट्रीटाइज ऑन डोमेस्टिक इकॉनॉमी’ने (१८४१) घर चालवणे ही शिकण्याची विद्या आहे असे ठासून मांडले. बीचरबाई स्वतः अविवाहित राहिल्या. संसार कसा करावा हे साऱ्या देशाला शिकवणाऱ्या बाईंचा स्वतःचा संसार नव्हता, याची गंमत त्यांच्या चरित्रकारांना कायम वाटत आली आहे. एमिली पोस्ट यांच्या ‘एटिकेट’पर्यंत (१९२२) आलो की आयुष्यच पालटलेले दिसते. भेटीचे कार्ड कुठे ठेवावे, पंगतीत कोणाला कुठे बसवावे हे पुस्तकात शोधावे लागणारा एक नवा, हात सैल झालेला वर्ग तयार झाला होता. जुन्या घरांतल्या मुलींना हे कोणी शिकवलेले नव्हते. त्या ते पाहत पाहत वाढल्या होत्या.

न्यूयॉर्कची ‘सोसायटी’ : यादवी युद्धानंतर रेल्वे, पोलाद आणि शेअरबाजार यांतून अचाट पैसा आला, तेव्हा न्यूयॉर्कच्या जुन्या घराण्यांनी दारे लावून घेतली. त्या दारावर कॅरोलाइन ॲस्टर (१८३०–१९०८) बसल्या. फिफ्थ ॲव्हेन्यू आणि ३४ वा रस्ता यांच्या कोपऱ्यावर त्यांचा वाडा होता. आज त्या जागी एम्पायर स्टेट बिल्डिंग आहे. त्यांचे सल्लागार वॉर्ड मॅकॅलिस्टर यांनी १८८८ मध्ये सांगून टाकले की न्यूयॉर्कच्या खऱ्या सोसायटीत, म्हणजे उच्चभ्रू वर्तुळात, माणसे जेमतेम चारशे. १८९२ मध्ये त्यांची यादी वर्तमानपत्रात छापून आली तेव्हा तिच्यात चारशे नावे भरलीच नाहीत. मॅकॅलिस्टर यांनी १८९० मध्ये स्वतःच्या आठवणींचे पुस्तक काढले होते. आतल्या गोष्टी बाहेर सांगणारा माणूस त्या वर्तुळाला परवडणारा नव्हता. पुस्तक खपले आणि लेखकाचे वजन उतरले.

या जगाचा खरा इतिहास लिहिला तो मात्र एका कादंबरीकार बाईने, आणि तीही त्याच घरांतली. एडिथ व्हॉर्टन (१८६२–१९३७) यांचे पहिले महत्त्वाचे पुस्तक कथात्मक नव्हतेच. ऑग्डन कॉडमन या वास्तुकाराबरोबर १८९७ मध्ये त्यांनी घरसजावटीवर लिहिले. खोलीतल्या वस्तूंवरून माणसे ओळखण्याची ती सवय पुढे ‘द हाउस ऑफ मर्थ’ (१९०५) आणि ‘द एज ऑफ इनोसन्स’ (१९२०) या कादंबऱ्यांत कामी आली. दुसरीला १९२१ चे पुलित्झर पारितोषिक मिळाले. कादंबरीसाठी ते मिळवणाऱ्या त्या पहिल्या स्त्री. या कादंबरीतला निरोपाच्या जेवणाचा प्रसंग पाहण्यासारखा आहे. नकोशा झालेल्या एका नातलग बाईला सगळे कूळ मिळून उत्तम जेवण, उत्तम चांदी आणि गोड बोलणे यांनी घराबाहेर काढते. आवाज कोणाचाच चढत नाही. कुटुंबव्यवस्थेतली क्रूरता किती सभ्य असू शकते हे समजायला या एका प्रकरणाला तोड नाही.

त्यापुढे कन्सुएलो व्हँडरबिल्ट यांचे १९५२ चे आत्मचरित्र ‘द ग्लिटर अँड द गोल्ड’ वाचावे. आईने, अल्वा व्हँडरबिल्ट यांनी, १८९५ मध्ये अठरा वर्षांच्या या मुलीचे लग्न इंग्लंडच्या ड्यूक ऑफ मार्लबरोशी लावून दिले. लग्नाच्या दिवशी सकाळी ती एकटी रडत बसली होती आणि खोलीच्या दाराशी पहाऱ्याला नोकर उभा केला होता, असे तिने लिहिले आहे. लग्न धर्माच्या दृष्टीने रद्द करून घेण्याची वेळ १९२६ मध्ये आली, तेव्हा आपण मुलीवर जबरदस्ती केली असे सांगायला अल्वाच पुढे आल्या. त्याच अल्वाबाई मधल्या काळात स्त्रियांच्या मताधिकाराच्या चळवळीच्या मोठ्या आश्रयदात्या झाल्या होत्या. अशा बाईला एका रकान्यात बसवू पाहणारी चरित्रे फसतात, यात नवल नाही.

मालकीण आणि गुलाम : दक्षिणेकडच्या मळ्यांवरच्या घरांबद्दल बोलायचे तर दोन पुस्तके शेजारी ठेवावी लागतात. एक मेरी चेस्नट यांची रोजनिशी. साउथ कॅरोलिनाच्या सिनेटरची ही बायको. घरोघरी मालकांपासून गुलाम बायकांना मुले होतात. प्रत्येक बाईला इतरांच्या घरातल्या अशा मुलांचे बाप ठाऊक असतात, स्वतःच्या घरातली मात्र तिला आभाळातून पडलेली वाटतात, असा टोमणा तिने त्यात मारून ठेवला आहे. यादवी युद्धाच्या काळातल्या या नोंदी तिने १८८० च्या दशकात पुन्हा लिहून काढल्या होत्या. १९०५ मध्ये त्या कापून छापल्या गेल्या आणि सी. व्हॅन वुडवर्ड यांनी १९८१ मध्ये नीट संपादून काढल्या, ज्याला पुढच्या वर्षी पुलित्झर मिळाले.

दुसरे पुस्तक गुलामगिरीत जन्मलेल्या हॅरिएट जेकब्स यांचे आत्मकथन ‘इन्सिडेंट्स इन द लाइफ ऑफ अ स्लेव्ह गर्ल’ (१८६१). नॉर्थ कॅरोलिनातल्या ईडेंटन गावी मालकाच्या त्रासापासून सुटण्यासाठी ही बाई आपल्या आजीच्या घराच्या माळ्यावर जवळजवळ सात वर्षे लपून राहिली. जागा नऊ फूट लांब, सात फूट रुंद, आणि सर्वांत उंच भागात तीन फूट. फळीला पाडलेल्या भोकातून खाली खेळणारी स्वतःची मुले तिला दिसत. हाक मारता येत नसे. मालकिणीचे चित्र तर विसरता येत नाही. रविवारचे जेवण ठरल्या वेळी झाले नाही तर ती स्वयंपाकघरात येऊन उभी राही आणि अन्न वाढून झाले की भांड्यांमध्ये थुंके. खरवड, उरलेला रस्सा स्वयंपाकीण आणि तिची पोरे यांच्या तोंडी पडू नये म्हणून. ज्या बाईंना शिष्टाचाराच्या पुस्तकांत गृहलक्ष्मी म्हटले जाई, त्यांच्यातलीच ही एक.

जेकब्स यांच्या पुस्तकाचे संपादन केले होते लिडिया मारिया चाइल्ड यांनी, म्हणजे वर आलेल्या त्याच काटकसरीच्या पुस्तकाच्या लेखिकेने. त्यामुळे आणि टोपणनावामुळे शंभरेक वर्षे बहुतेक विद्वान हे पुस्तक चाइल्डबाईंचीच कादंबरी समजत होते. जीन फेगन येलिन यांनी जुनी पत्रे आणि दस्तऐवज तपासून बहुतेक पात्रांची खरी नावे शोधली. त्यांची १९८७ ची आवृत्ती आल्यावर हा वाद मिटला. पुढे एलिझाबेथ फॉक्स-जेनोव्हेझी, थॅव्होलिया ग्लिम्फ आणि स्टेफनी जोन्स-रॉजर्स यांनी मळ्यावरच्या मालकिणींवर ग्रंथ लिहिले. जोन्स-रॉजर्स यांच्या २०१९ च्या पुस्तकाने तर या बायका नवऱ्याच्या सावलीत बसलेल्या नसून स्वतःच्या नावावर गुलाम बाळगणाऱ्या, त्यांची खरेदी-विक्री करणाऱ्या होत्या हे दाखवून दिले. ॲनेट गॉर्डन-रीड यांचा ‘द हेमिंग्जेस ऑफ माँटिचेलो’ (२००८) हा ग्रंथ थॉमस जेफर्सनच्या घरातल्या गुलाम कुटुंबाला कुटुंब म्हणून पाहतो, अनेक पिढ्यांच्या नात्यागोत्यांसह.

सुईणीची रोजनिशी : या सगळ्या परंपरेतले एकच पुस्तक वाचायचे असेल तर ते लॉरेल थॅचर उलरिक यांचे ‘अ मिडवाइफ्स टेल’ (१९९०). त्यातली मार्था बॅलर्ड बड्या घरची नव्हे. मेन प्रांतात केनेबेक नदीकाठच्या हॅलोवेल गावची ही सुईण. वयाच्या पन्नाशीत, १७८५ मध्ये, तिने रोजनिशी धरली आणि १८१२ पर्यंत सत्तावीस वर्षे सोडली नाही. नदी होडीने किंवा गोठलेल्या बर्फावरून ओलांडून तिने या काळात ८१६ बाळंतपणे केली. हवामान, कुठे गेले, कोण आले, किती सूत निघाले, बाळंतपणाचे पैसे मिळाले की राहिले, एवढेच ती लिही. एका नोंदीत एका तरुण डॉक्टराने बाळंतिणीला अफूचा अर्क दिल्याने तिच्या कळाच थांबल्याचे येते. दुसरीत एक अविवाहित मुलगी अडलेली असते. अशा मुलीने कळा देताना घेतलेले बापाचे नाव कोर्टात ग्राह्य धरत, म्हणून सुईणीने ते विचारायचे असे. मार्थाने विचारले. मुलीने नाव घेतले ते मार्थाच्याच मुलाचे, जोनाथनचे. मार्थाने ते जसेच्या तसे लिहून ठेवले. काही महिन्यांनी त्या दोघांचे लग्न झाले.

आधीच्या इतिहासकारांनी ही वही पाहिली होती आणि घरकामाच्या क्षुल्लक गोष्टी म्हणून बाजूला ठेवली होती. वही टिकली ती घरातल्या बायकांमुळे : मार्थाच्या खापरपणतीने, स्वतः डॉक्टर असलेल्या मेरी होबार्ट यांनी, १९३० मध्ये ती मेनच्या राज्य ग्रंथालयाला दिली. उलरिक यांनी त्या क्षुल्लक गोष्टीच मोजल्या. कोणत्या मुलीने कोणाच्या मागावर किती विणले, बदल्यात कोण कोणाकडे कामाला गेले, असे करत करत गावात बायकांचा एक वेगळा बाजार होता आणि पुरुषांच्या खतावण्यांत त्याचा मागमूसही नव्हता, हे त्यांनी सिद्ध केले. ग्रंथाला १९९१ चे पुलित्झर मिळाले.

उलरिक यांचेच एक वाक्य, सभ्य वागणाऱ्या बायका क्वचितच इतिहास घडवतात अशा अर्थाचे, आज अमेरिकेत टी-शर्टांवर आणि चहाच्या मगांवर बंडखोरीचे घोषवाक्य म्हणून मिरवते. मूळ वाक्य प्युरिटन या कर्मठ ख्रिस्ती पंथाच्या बायकांच्या अंत्यविधीच्या प्रवचनांवरच्या १९७६ च्या लेखातले आहे आणि त्याचा रोख उलटा होता : निमूट वागणाऱ्या या बायकांना इतिहासात जागा का नाही?

याच सुमारास बार्बरा वेल्टर (१९६६), कॅरोल स्मिथ-रोझनबर्ग (१९७५) आणि नॅन्सी कॉट (१९७७) यांच्या लेखनाने एकोणिसाव्या शतकातल्या ‘आदर्श स्त्री’च्या कल्पनेची चिकित्सा केली. स्टेफनी कून्ट्झ यांच्या १९९२ च्या ग्रंथाने जुन्या सुखी अमेरिकी कुटुंबाचे चित्र किती काल्पनिक आहे ते सामान्य वाचकांपर्यंत नेले.

मराठीशी संबंध : अमेरिकी घरसंसाराचे एक बारकाईचे वर्णन मराठीतच आहे. पंडिता रमाबाई १८८६ मध्ये अमेरिकेत गेल्या, दोन वर्षांहून अधिक काळ हिंडल्या आणि १८८९ मध्ये त्यांनी मुंबईत ‘युनायटेड स्टेट्सची लोकस्थिती आणि प्रवासवृत्त’ प्रसिद्ध केले. घरगुती राहणी, स्त्रियांचे शिक्षण, त्यांचे उद्योग आणि संघटना यांवर त्यात स्वतंत्र विवेचन आहे. अमेरिकनांना स्वतःबद्दल लिहिताना ज्या गोष्टी नोंदवाव्याशाही वाटत नव्हत्या त्या रमाबाईंनी परकी नजरेने टिपल्या. मीरा कोसंबी यांनी २००३ मध्ये त्याचा इंग्रजी अनुवाद केल्यावर अमेरिकी अभ्यासकही त्याकडे वळले.

रमाबाई गेल्या होत्या त्या आनंदीबाई जोशी यांच्या पदवीदान समारंभासाठी. आनंदीबाईंचे चरित्र १८८८ मध्ये कॅरोलाइन हीली डॉल यांनी लिहिले. या बॉस्टनच्या बाई स्वतः सुमारे पंचाहत्तर वर्षे रोजनिशी लिहीत होत्या आणि त्या वह्या आज बॉस्टनच्या सुखवस्तू घरांतल्या स्त्रीजीवनाचे एक मोठे साधन मानल्या जातात. न्यू जर्सीतल्या रोझेल गावी आनंदीबाईंना घरच्यासारखे ठेवून घेणाऱ्या थिओडिशिया कार्पेंटर यांनी त्यांच्या मृत्यूनंतर त्यांची रक्षा न्यूयॉर्क राज्यातल्या पोकीप्सी येथे आपल्या कुटुंबाच्या दफनभूमीतल्या जागेत, स्वतःच्या माणसांशेजारी ठेवली.