कामावरच्या मुलाची सुटका: तक्रार कुठे करायची, कुठले कागद मागायचे, पैसे कसे मिळतात

वस्तीवरच्या लोकांचे अर्ज लिहून देताना एक गोष्ट मला सारखी दिसते. मुलाला कामावरून सोडवून आणतात, पेपरात बातमी येते, आणि चार-सहा महिन्यांनी आईबाप विचारत येतात की ते सरकारी पैसे मिळणार होते त्याचं काय झालं. पिशवीतले कागद काढायला सांगितले की आत फक्त रेशन कार्ड आणि आधारची झेरॉक्स असते, सुटकेच्या वेळी जो कागद मिळायला हवा होता तोच नसतो. म्हणून सगळं एका ठिकाणी लिहितोय, जरा लांबलंय पण पूर्ण वाचा.

आधी कायदा थोडक्यात. बालकामगार कायदा 1986 चा, त्यात 2016 मध्ये मोठी सुधारणा झाली. 14 वर्षांखालच्या मुलाला कुठल्याच कामावर ठेवता येत नाही, हॉटेल, गॅरेज, घरकाम, वीटभट्टी, काहीच नाही. सूट दोनच, एक म्हणजे स्वतःच्या घरच्या धंद्यात शाळा सुटल्यावर किंवा सुट्टीत हलकी मदत (तीही दिवसाला 3 तासांपेक्षा जास्त नाही, आणि संध्याकाळी 7 ते सकाळी 8 बिलकुल नाही), आणि दुसरी सिनेमा-सीरियलमधले बालकलाकार, त्यांनाही अटी आहेत आणि जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. 14 ते 18 च्या मुलांना खाण, फटाके-स्फोटकं आणि धोकादायक कारखान्यात ठेवता येत नाही, बाकी ठिकाणी ठेवलं तर मधली सुट्टी धरून दिवसाला 6 तास, रात्रपाळी नाही, ओव्हरटाइम नाही, आठवड्याला एक सुट्टी पाहिजेच. मालकाला शिक्षा 6 महिने ते 2 वर्षं कैद किंवा 20 ते 50 हजार दंड किंवा दोन्ही, आणि गुन्हा दखलपात्र आहे, म्हणजे पोलिसांना थेट गुन्हा नोंदवता येतो. ते कोर्टाचं काम आहे आमचं नाही, असं कुणी म्हणालं तर ऐकू नका. मूल डांबून ठेवलं असेल किंवा त्याची मजुरी मालकच दाबून बसला असेल तर बाल न्याय कायद्याचं कलम 79 पण लावायला सांगा, त्यात 5 वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि 1 लाख दंड आहे आणि ते 18 वर्षांपर्यंतच्या सगळ्या मुलांना लागू होतं.

आईबापांची एक भीती असते की आमच्यावरच केस होईल. पहिल्या वेळेला साधारणपणे आईवडिलांना शिक्षा नाही, पुन्हा तेच झालं तर 10 हजारांपर्यंत दंड आहे, हे त्यांना आधीच नीट समजावून सांगा, नाहीतर ते मुलाचं वय वाढवून सांगतात आणि तिथेच केस ढिली पडते.

तक्रार कोणीही करू शकतं, नातेवाईक असायची गरज नाही. सगळ्यात सोपं म्हणजे 1098 या मुलांच्या हेल्पलाइनवर फोन, चोवीस तास चालू असतो, फुकट आहे. लेखी करायची असेल तर पेन्सिल नावाचं केंद्र सरकारचं पोर्टल आहे, 2017 पासून चालू आहे, तिथली तक्रार जिल्ह्यात यासाठी नेमलेल्या नोडल अधिकाऱ्याकडे जाते आणि त्याने 48 तासांत खरंखोटं तपासायचं असतं. नाहीतर सहायक कामगार आयुक्तांच्या ऑफिसात साधा कागदावर अर्ज द्या आणि पोचपावती घ्या. मुलाचं नाव माहीत नसलं तरी चालतं, पण जागा नीट लिहा, कुठल्या रस्त्यावर, कशाच्या शेजारी, किती मुलं आहेत, आणि कुठल्या वेळेला कामावर असतात, कारण दुपारी धाड गेली आणि मुलं रात्री भांडी घासायला येत असतील तर पथक रिकाम्या हाताने परत येतं. मुलाचा फोटो ग्रुपवर टाकू नका, काळजीपोटी टाकला तरी टाकू नका, त्याची ओळख उघड करणं हाच गुन्हा आहे आणि वर मालक सावध होतो ते वेगळंच.

सुटका झाली की मुलाला 24 तासांत बालकल्याण समितीसमोर न्यावं लागतं, प्रवासाचा वेळ सोडून. समिती ठरवते मूल घरी जाईल का काही दिवस बालगृहात राहील. आईबापांनी जाताना स्वतःचं आधार, रेशन कार्ड, राहण्याचा काही पुरावा, फोटो आणि मुलाच्या वयाचा कागद घेऊन जावं, हमीपत्र तिथेच लिहून घेतात. घरची चौकशी होते त्याला वेळ लागतो, आज गेलो आणि आज मूल घेऊन आलो असं होईलच असं नाही.

वयाच्या कागदावर जरा थांबतो, कारण केस इथेच अडते. कायद्यात क्रम दिलाय, आधी शाळेचा जन्मतारखेचा दाखला किंवा दहावीचं सर्टिफिकेट, ते नसेल तर ग्रामपंचायत किंवा नगरपालिकेचा जन्मदाखला, आणि दोन्ही नसेल तरच हाडांची तपासणी. एका हायवेवरच्या हॉटेलातला मुलगा होता, साबणाच्या पाण्यात राहून बोटांची टोकं पांढरी पडून सोललेली, मालक म्हणे सोळा वर्षांचा आहे, मुलगा मान खाली घालून हो म्हणाला. कागद एकही नाही. मग त्याच्याशी बोलता बोलता कळलं की दुसरीपर्यंत गावच्या जिल्हा परिषद शाळेत होता, तिथे जाऊन गुरुजींनी जुनं जनरल रजिस्टर काढलं, कोपरे वाळवीने खाल्लेले, पण त्याचं नाव आणि जन्मतारीख निळ्या शाईत स्पष्ट होती. बारा वर्षं पाच महिने. त्या प्रवेश निर्गम उताऱ्यावर सही-शिक्का घेतला आणि मालकाचं सोळा वर्षं तिथेच संपलं. मूल दोन दिवस जरी शाळेत गेलं असेल तरी हा उतारा मिळतो, आधी तो शोधा.

आता पैशाचं. दोन वेगळे रस्ते आहेत आणि लोक ते एकत्र करतात. पहिला बालकामगार पुनर्वसन निधीचा, मालकाकडून वसूल झालेला दंड त्यात जमा होतो आणि सरकार मुलामागे 15 हजार घालतं, मुलाच्या नावावर ठेवतात, व्याज मिळत राहतं आणि 18 पूर्ण झाल्यावर सगळी रक्कम मिळते. हे दंडावर अवलंबून आहे, म्हणून वेळ लागतो.

दुसरा रस्ता वेठबिगारीचा. उचल (म्हणजे आगाऊ पैसे) घेतली म्हणून मूल कामाला ठेवलं असेल, फिटेपर्यंत सोडत नसेल, तर ती नुसती बालमजुरी नाही, ती 1976 च्या कायद्याखाली वेठबिगारी आहे. 2022 मध्ये इगतपुरी तालुक्यात कातकरी वस्तीवरची मुलं काही हजार रुपये आणि एखाद्या मेंढीच्या बदल्यात मेंढ्या राखायला ठेवल्याचं बाहेर आलं, ते एका लहान मुलीचा जीव गेल्यावर. तिथे कोणी 'विकलं' म्हणत नाही, 'ठेवलंय' म्हणतात, त्यामुळे विचारताना पण असंच विचारा, किती उचल घेतली, कोणाकडून, कधी फिटणार. या कायद्यात ती उचल आपोआप रद्द होते, परत फेडायची नाही, मुकादम दारात आला तरी नाही. आणि वेठबिगारी नव्हती हे सिद्ध करायची जबाबदारी पैसे देणाऱ्यावर आहे, मुलावर नाही.

तर सुरुवातीला म्हटलं तो, पिशवीत नसलेला कागद म्हणजे मुक्ती प्रमाणपत्र, मूल वेठबिगारीतून सुटलं याचा दाखला, तो जिल्हाधिकारी किंवा प्रांत (उपविभागीय अधिकारी) देतात. हे हातात असेल तर तातडीची मदत 30 हजारांपर्यंत लगेच मिळू शकते, केसचा निकाल लागायची वाट बघायची नाही, आणि पुढे मुलांसाठी पुनर्वसनाची रक्कम 2 लाख आहे, ती मात्र कोर्टाच्या कामाशी जोडलेली आहे. प्रमाणपत्र नाही तर यातलं काहीच नाही. धाडीच्या दिवशी सगळे घाईत असतात, मुलाचा जबाब होतो, पंचनामा होतो, आणि वेठबिगारीचा उल्लेखच राहून जातो, मग प्रांत ऑफिस म्हणतं कागदात तसं काही नाही. म्हणून त्याच दिवशी उचलीची रक्कम, तारीख आणि मजुरी किती दिली हे जबाबात लिहून घ्यायला लावा, प्रांतांच्या नावाने वेगळा अर्ज द्या, सोबत जबाबाची, एफआयआरची आणि वयाच्या पुराव्याची प्रत जोडा, मुलाच्या नावाचं बँक खातं नसेल तर ते उघडायला घ्या. कुटुंब आदिवासी किंवा अनुसूचित जातीचं असेल तर जातीचा दाखला पण लावा, अ‍ॅट्रॉसिटीचं कलम लागू शकतं. आईबाप दोघांपैकी एकच असेल तर बालसंगोपन योजनेचे महिन्याला 2,250 रुपये वेगळे मिळू शकतात, त्याचा अर्ज जिल्हा महिला व बालविकास अधिकाऱ्यांकडे.

शाळेचं लगेच करा, महिना वाट बघू नका, रिकामं बसलेलं मूल परत कामावर जातं. वयाप्रमाणे वर्गात घ्यावंच लागतं, बारा वर्षांच्या मुलाला दुसरीत बसवायचं नाही, मागे राहिलेला अभ्यास विशेष प्रशिक्षणात भरून काढायचा. जन्मदाखला नाही किंवा जुन्या शाळेचा दाखला यायला उशीर झाला म्हणून प्रवेश अडवता येत नाही. पुढे तेच मूल न कळवता 30 दिवस सलग गैरहजर राहिलं तर मुख्याध्यापकांनी नोडल अधिकाऱ्याला कळवायचं असतं, हे त्यांना प्रवेशाच्या दिवशीच सांगून ठेवा. आणि कोणी दाखल्याशिवाय नाव घालत नाही म्हणालं तर भांडत बसू नका, गटशिक्षणाधिकाऱ्यांच्या नावाने चार ओळींचा अर्ज द्या, तारीख टाका, आणि आपल्या प्रतीवर शिक्का मारून घेतल्याशिवाय तिथून हलू नका.